गेंडा, गाढव आणि गिऱ्हाईक

चित्रकलेच्या इतिहासावरची जाडजूड पुस्तकं चाळली, तर त्यांत कुणीही कधी पैसे मागताना दिसत नाही. तिथे युगाची चेतना असते, अवकाशाचं नवं भान असतं, छायाप्रकाशाचं द्वंद्व असतं. ‘उरलेली रक्कम कधी देताय?’ असं विचारणारा चित्रकार मात्र नसतो. सगळे जण सकाळी उठून चहाबिहा न घेता थेट शैली घडवायला बसतात. बरोक संपला की दुसऱ्या दिवशी रोकोको सुरू होतो, आणि मधल्या रात्री कुणाचं घरभाडं थकलेलं नसतं.

माझी या विषयावरची जी काही मतं आहेत, ती आमच्या आत्याकडून आलेली आहेत. आत्याने वर्षानुवर्षं दादरला मेस चालवली. त्यामुळे गिऱ्हाईक नावाचा प्राणी तिला आतूनबाहेरून ठाऊक. मेस बंद केल्यावर ती एका सहलीबरोबर युरोपला गेली आणि तिची औषधं, छत्री व चिवडा सांभाळायला मी बरोबर गेलो. एकेका चित्रापुढे गाइड डोळे अर्धवट मिटून ‘रेनेसान्स’ म्हणाला, की आत्या मला कोपराने ढोसून विचारायची, “अरे, पण पैसे कुणी दिले?” पहिले दोन दिवस मला लाज वाटली. नंतर मीच गाइडला ते विचारू लागलो. शैली, रेषा, रंगसंगती हे सगळं खरंच. पण चित्र कुणी सांगितलं, काय सांगितलं आणि किती घासाघीस केली हे कळलं की डोळ्यांवरचा पडदा निम्मा तरी सरकतो.

मध्ययुगातली तान्ही बाळं घ्या. मेरीच्या मांडीवरचा येशू त्या काळच्या कितीतरी चित्रांत साधारण पन्नाशीचा, नुकतीच स्वेच्छानिवृत्ती घेतलेला गृहस्थ दिसतो. केस मागे हटलेले, ओठ आवळलेले आणि नजर अशी, की आईने दिलेला महिन्याचा हिशेब काही त्याला पटलेला नाही. बघणाऱ्याला वाटतं, या चित्रकारांनी जन्मात मूल पाहिलं नसावं. पाहिलं होतं की! त्यांच्याच घरात रांगत होती. पण गिऱ्हाईक होतं चर्च, आणि चर्चचं म्हणणं असं, की देवाचा पुत्र जन्मापासूनच परिपूर्ण. त्याला वाढायचं, बदलायचं काही कारणच नाही. आता सर्वज्ञाला गुबगुबीत गाल आणि लाळेरं कसं द्यायचं? पुढे इटलीतल्या सावकार-व्यापाऱ्यांच्या हातात पैसा खुळखुळू लागला. ते स्वतःच्या घरात लावायला चित्रं घेऊ लागले. आपल्या बायकोच्या खोलीत एक वैतागलेला म्हातारा कोण टांगेल? हळूहळू बाळं गुटगुटीत झाली, हसू लागली, आईचा पदर ओढू लागली. पुस्तकात याला मानवतावादाचा उदय म्हणतात.

त्या काळचं गिऱ्हाईक पक्कं व्यवहारी. १४८५ साली फ्लॉरेन्सच्या अनाथालयाच्या प्रमुखाने गिर्लांदायो या नामवंत चित्रकाराबरोबर केलेला करारनामा आजही उपलब्ध आहे. रंग चित्रकाराने पदरचे घालायचे, सोनंही पदरचं. निळा रंग साधासुधा चालणार नाही. औंसाला चार फ्लोरिन भावाचा अल्ट्रामरिनच हवा. हा रंग अफगाणिस्तानातल्या बदख्शानच्या खाणीतून येणाऱ्या लाजवर्द दगडाची पूड करून बनायचा, म्हणजे त्याच्या किमतीत उंटांचं भाडं आणि जहाजाचं तिकीट धरलेलं असे. मुदत तीस महिने, मोबदला ११५ फ्लोरिन. आणि काम पुरं झाल्यावर प्रमुखाला ते तेवढ्या लायकीचं वाटलं नाही, तर तो ठरवेल ती रक्कम चित्रकाराने निमूट घ्यायची. हे शेवटचं कलम मी आत्याला वाचून दाखवलं तेव्हा ती कितीतरी वेळ त्या अनाथालयवाल्याचं कौतुक करत होती. मेरीच्या झग्याचा निळा म्हणजे स्वर्गाचं प्रतीक, असं गाइड सांगतात. असेलही. देवाच्या आईला स्वस्तातला निळा नेसवला असं पलीकडच्या चर्चवाल्यांनी म्हणू नये, ही काळजीही त्यात असणारच.

गिऱ्हाइकाला हुबेहूब हवं असलं, तरी चित्रकाराने मूळ वस्तू डोळ्यांनी पाहिलेली असावी असा काही दंडक नव्हता. याचा सगळ्यात वजनदार पुरावा आपल्या गोव्यातून रवाना झालेला आहे. पोर्तुगीजांच्या अल्बुकर्कला दीवमध्ये किल्ला बांधायचा होता. त्यासाठी त्याने गुजरातचा सुलतान दुसरा मुझफ्फरशहा याच्याकडे वकील पाठवले. सुलतानाने किल्ल्याला नकार दिला आणि भेटवस्तूंबरोबर एक गेंडा दिला. नकार देण्याची ही तऱ्हा मला अतिशय आवडते. समोरच्याचा मानही राहतो, आणि पुढचे काही महिने तो दुसरं काही मागायच्या परिस्थितीत राहत नाही. आता गोव्यात अल्बुकर्क गेंड्याचं काय करणार? लग्नात आलेली साडी घडीही न मोडता पुढच्या लग्नात जाते, तसा त्याने तो गेंडा लिस्बनला आपल्या राजाकडे पाठवून दिला. १५१५च्या जानेवारीत जहाज गोव्याहून निघालं. वाटेत भात खात खात गेंडा २० मे रोजी लिस्बनला उतरला. राजाने काही महिने ठेवून घेतला, आणि मग काय, तोही पोपला भेट म्हणून पुढे सरकवला. इटलीच्या किनाऱ्याजवळ जहाज बुडालं आणि बिचाऱ्याची ही फिरती थांबली.

इकडे न्यूरेम्बर्गमध्ये बसलेल्या ड्यूरर या चित्रकाराच्या हाती गेंड्याचं वर्णन करणारं पत्र आणि कुणीतरी काढलेलं एक कच्चं रेखाटन पोचलं. तेवढ्या भांडवलावर त्याने लाकडी ठशाचं चित्र काढलं. त्यातल्या गेंड्याच्या अंगावर लोहाराने ठोकून बसवावं तसं चिलखत आहे, पायांवर खवले आहेत आणि खांद्यावर एक जादा शिंग आहे. हे शिंग पत्रात होतं की ड्यूररने आपल्याकडून फुकट घातलं, देव जाणे. पण छाप इतकी जोरदार, की पुढची दोनशेहून अधिक वर्षं युरोपातल्या प्राण्यांच्या पुस्तकांत हाच गेंडा छापला जात राहिला. मध्यंतरी एखादा खराखुरा गेंडा युरोपात आलाच, तर त्याच्यातच काहीतरी कमी आहे असं लोकांना वाटत असणार.

चित्रकार गिऱ्हाइकावर सूड कसा उगवतो हे पाहायला रोमला जावं लागतं. सिस्टीन चॅपेलच्या भिंतीवर मायकेलअँजेलो ‘अंतिम निवाडा’ रंगवत होता. पोपच्या दरबारातले समारंभाधिकारी बियाजो दा चेझेना यांनी काम बघितलं आणि इतकी उघडीवाघडी माणसं देवळात नव्हे, हमामखान्यात शोभतील असा शेरा मारला. मायकेलअँजेलो गप्प बसला. काम १५४१मध्ये पुरं झालं तेव्हा नरकाच्या दारात, कानांच्या जागी गाढवाचे कान आणि अंगाला सापाचा विळखा अशा अवस्थेत बियाजो उभे होते. त्यांनी पोपकडे तक्रार केली. यावर पोप म्हणाले म्हणे, की शुद्धिस्थानात असतास तर काही खटपट करता आली असती, नरकावर आपली हुकूमत चालत नाही. गोष्ट पुढे व्हायची ती झालीच. १५६५मध्ये दानिएले दा व्होल्टेरा नावाच्या चांगल्या चित्रकाराला शिडीवर चढवून मोक्याच्या जागी वस्त्रं रंगवायला लावलं. त्याने बाकी काय काय उत्तम चित्रं काढली ते आता कुणाला आठवत नाही. रोमकरांनी त्याचं नाव ठेवलं ‘चड्ड्या शिवणारा’, आणि तेच राहिलं.

पण गिऱ्हाईक सांभाळण्याच्या विद्येत सर्वांचा गुरू शोभेल असा माणूस व्हेनिसमध्ये होऊन गेला. पाओलो व्हेरोनेझे. याला पंगती रंगवायची हौस. काना गावच्या लग्नाचं त्याचं चित्र आता पॅरिसच्या लूव्हरमध्ये आहे: जवळपास सात मीटर उंच, दहा मीटर रुंद, माणसं सव्वाशेच्या वर. मठवाल्यांनी करारातच सांगितलं होतं, की मावतील तेवढी माणसं घाल. मोबदला ३२४ डुकाट, जेवणखाण आणि वाइनचं एक पिंप. हे चित्र ज्या दालनात आहे, त्याच दालनात समोर मोनालिसा आहे. तिची उंची ७७ सेंटिमीटर. त्यामुळे दिवसभर हजारो माणसं व्हेरोनेझेच्या त्या प्रचंड पंगतीकडे पाठ करून, हात उंचावून, पुढच्याच्या डोक्याचे फोटो काढत असतात. आत्या गर्दीला कंटाळून मागे वळली आणि जागच्या जागी थबकली. मोनालिसाला तिने ‘तब्येत बरी नाही वाटतं’ एवढ्यावर निकालात काढलं होतं. या चित्रापुढे मात्र ती बराच वेळ उभी राहिली, वाढपी मोजले आणि म्हणाली, “माणसं कमी पडतायत.”

तर हा व्हेरोनेझे. १५७३ साली त्याने व्हेनिसमधल्या एका मठाच्या भोजनगृहासाठी ‘शेवटचं भोजन’ रंगवलं. येशूचं शेवटचं भोजन म्हणजे तेरा माणसांचा गंभीर प्रसंग. पण भिंत होती साडेबारा मीटरच्या वर लांब. तेरा माणसांत एवढी भिंत भरायची कशी? व्हेरोनेझेने विदूषक घातला, त्याच्या हातावर पोपट दिला, नाकातून रक्त येणारा एक नोकर घातला, बुटके घातले, जिन्यावर दारू पिणारे जर्मन शिपाई घातले आणि अगदी मधोमध एक कुत्रा बसवला. एक शिष्य तर काट्याने दात कोरतोय. धर्मन्यायालयाने त्याला १८ जुलैला बोलावून घेतलं. त्या जबाबाची नोंद शिल्लक आहे आणि मला विचाराल तर कलाविषयक लेखनात इतका रंगतदार मजकूर दुसरा नाही. न्यायाधीश विचारतात, या भोजनाला खरोखर कोण कोण हजर होतं असं तुला वाटतं? व्हेरोनेझे म्हणतो, येशू आणि त्याचे शिष्य. पण चित्रात जागा उरली तर मी ती आकृत्यांनी भरतो. मग जर्मन कशाला? (जर्मन म्हणजे ल्यूथरवाले, म्हणजे शत्रुपक्ष.) तर म्हणे, ज्याच्या घरी जेवण होतं तो श्रीमंत माणूस, त्याच्याकडे असे नोकर असणारच. बरं, कुत्र्याच्या जागी मेरी मॅग्डालिन काढायला सांगितली होती ती का नाही काढलीस? तर तिथे ती शोभली नसती. आणि या सगळ्यावर कडी म्हणजे, कवी आणि वेडे जी मोकळीक घेतात तीच आम्ही चित्रकार घेतो, असंही त्याने सांगून टाकलं.

निकाल लागला: तीन महिन्यांच्या आत स्वखर्चाने चित्र दुरुस्त करावं. आता दुसरा एखादा असता तर त्याने कुत्रा पुसला असता, जर्मनांना फ्रेंच केलं असतं. व्हेरोनेझेने ब्रश घेतला, चित्रात ल्यूकच्या शुभवर्तमानाच्या पाचव्या अध्यायाचा हवाला लिहिला आणि चित्राचं नाव बदललं. ‘शेवटचं भोजन’ नाही, ‘लेवीच्या घरची मेजवानी’. लेवी हा जकातवाला. त्याच्या मेजवानीला वाटेल तसली माणसं आली होती असं बायबलमध्येच लिहिलेलं आहे. काय बोलणार? प्रकरण मिटलं. कुत्रा जागेवर, जर्मन जागेवर, पोपट जागेवर. व्हेनिसच्या अकादमीत हे चित्र आजही भिंतभर पसरलेलं आहे. सरकारी कचेरीत आयुष्य घालवलेले आमच्या सहलीतले एक काका त्यापुढे हात जोडून उभे राहिले होते.

एक गिऱ्हाईक परवडलं, पण गिऱ्हाइकांची समिती नको, हे हॉलंडमध्ये गेल्यावर कळतं. सतराव्या शतकात तिथे ना पोप, ना बडे सरदार. होते ते कापडवाले, दारूवाले, व्यापारी. हे लोक नागरी रक्षकदलात असत, वर्षातून काही वेळा संचलन करत, बाकीचा वेळ मेजवान्या झोडत आणि सगळ्यांनी मिळून स्वतःचं चित्र काढून घेत. वर्गणी काढून! चित्रात येणारा प्रत्येक जण आपापले पैसे देणार. साहजिकच प्रत्येकाला आपलं तोंड पूर्ण, समोरून आणि उजेडात हवं. फ्रान्स हाल्स हा या कामातला वाकबगार. त्याच्या चित्रात पंधरा माणसं असली तर पंधराही मिशा वेगवेगळ्या मोजता येतात. १६३३ साली ॲमस्टरडॅमच्या एका तुकडीने त्याला काम दिलं. दर माणशी ६० गिल्डर, पुढे वाढवून ६६. हाल्स राहायचा हार्लेमला, वीसेक किलोमीटरवर. तो थोडे दिवस आला, मग यायचा बंद झाला. तुम्हीच इकडे या, म्हणाला. ते म्हणाले, आम्ही गिऱ्हाईक, आम्ही का यायचं? नोटिसा गेल्या, उत्तरं आली, आणि शेवटी अर्धवट चित्र दुसऱ्याच चित्रकाराकडून पुरं करून घ्यावं लागलं. आत्या म्हणाली, “जाण्यायेण्याचं आधी बोलून घ्यायला नको?”

याच वर्गणीच्या कामातून रेम्ब्रांटचं ‘नाइट वॉच’ जन्माला आलं. माणशी साधारण १०० गिल्डर, चित्रात मिळणाऱ्या जागेप्रमाणे कमी-अधिक. १६४२ साली चित्र झालं. बघा तर: कॅप्टन पुढे, पिवळ्या झगझगीत पोशाखातला लेफ्टनंट त्याच्या शेजारी, आणि बाकीचे वर्गणीदार? कुणी अंधारात, कुणी दुसऱ्याच्या लांबवलेल्या हातामागे, कुणाचं नुसतं कपाळ आणि टोपी. छदाम न देता आलेली एक पोरगी मात्र भर उजेडात उभी आहे, कमरेला चक्क कोंबडी लटकावून. फुकटात आलेला कुत्राही ढोलवाल्यावर भुंकतोय. वर्गणीदार खवळले आणि त्यामुळेच रेम्ब्रांटचं नशीब फिरलं, ही गोष्ट फार लाडकी आहे. पण तिला पुरावा नाही. लोकांनी पैसे दिले आणि चित्र टांगलं. मला वाटतं, खवळले असतील ते त्यांच्या बायका.

शिवाय ही रात्र नाही. रेम्ब्रांटने दिवसाचा प्रसंग रंगवला होता. वरचं व्हार्निश वर्षानुवर्षं काळवंडत गेलं आणि लोकांनीच त्याला रात्रीची गस्त ठरवून टाकलं. दुसऱ्या महायुद्धानंतर साफसफाई झाली तेव्हा ऊन निघालं, पण तोवर नाव रूढ झालं होतं. त्याहून भारी १७१५ सालची गोष्ट. चित्र ॲमस्टरडॅमच्या टाउन हॉलमध्ये हलवलं, तिथे दोन दारांमधल्या भिंतीवर ते बसेना. मग काय केलं असेल? चारही बाजूंनी कापलं. डावीकडची दोन माणसं त्यात गेली. इथे आत्या प्रथमच चित्रकाराच्या बाजूने बोलली. “अरे मेल्यांनो, दार सरकवायचं!”

त्याच देशात डेल्फ्टला व्हर्मीर राहायचा. त्याची चित्रं म्हणजे शांतता. खिडकीतून डावीकडून ऊन येतंय, खोलीत एकच बाई, ती पत्र वाचतेय किंवा तराजू तोलतेय किंवा दुधाची बारीक धार ओततेय. समीक्षक या शांततेबद्दल बोलताना आवाज खाली आणतात. व्हर्मीर वारला तेव्हा त्याच्या घरात अकरा मुलं होती. आणि घर त्याचं नव्हतं, सासूचं होतं. म्हणजे अकरा पोरं, बायको, सासू आणि वरच्या मजल्यावर घरजावई चित्रकार. या माणसाने आयुष्यभर रिकाम्या, मुक्या खोल्या रंगवल्या, त्याला कुणी दोष देऊ नये. ते वास्तवचित्रण नव्हतंच. ती मागणी होती. तो वारल्यावर पाववाल्याची उधारी सहाशे गिल्डरहून जास्त निघाली, आणि विधवेने ती दोन चित्रं देऊन भागवली. आज त्या दोन चित्रांत सबंध गावाची बेकरी येईल, पण पाववाल्याच्या बाजूने विचार करा. अकरा मुलांच्या घराला उधारीवर पाव घालत राहणं, हाही कलेला आश्रयच.

पुढची दीडशे वर्षं मी गाळतो. त्यात गुलाबी गाल, झोके, आणि घोड्यावरचे सेनापती आहेत. एकदम १८३९वर येतो, कारण त्या वर्षी फोटोची कला जाहीर झाली आणि गिऱ्हाइकाला कळलं, की आपलं तोंड याहून स्वस्तात आणि हुबेहूब मिळतं. ते जे गेलं ते गेलंच. १८४१मध्ये एका अमेरिकन चित्रकाराने रंग भरायची पत्र्याची ट्यूब काढली. त्याआधी तेलरंग डुकराच्या मूत्राशयात बांधून ठेवत, टाचणीने भोक पाडून पिळत. असलं सामान घेऊन रानात कोण जाईल? ट्यूब आल्या आणि गिऱ्हाईक सुटलेले चित्रकार खिशात रंग घालून उन्हातान्हात हिंडू लागले. १८७४मध्ये त्यांनी पॅरिसला आपलं पहिलं प्रदर्शन भरवलं. जागा कुठली? नादार नावाच्या प्रसिद्ध फोटोग्राफरने सोडलेला स्टुडिओ! ज्याने धंदा नेला, त्याच्याच ओसरीवर दुकान.

गिऱ्हाइकाच्या रिकाम्या खुर्चीत आता समीक्षक येऊन बसला. फरक असा, की गिऱ्हाईक चित्र विकत घेतं आणि गप्प बसतं. समीक्षक काहीही विकत घेत नाही आणि गप्पही बसत नाही. लेरुआ नावाच्या समीक्षकाने त्या प्रदर्शनात मोनेचं धुक्यातलं बंदर बघितलं आणि भिंतीवर चिकटवायचा कच्चा कागदसुद्धा याहून पुरा असतो असं लिहिलं. या चित्रकारांना चिकटलेलं इम्प्रेशनिस्ट हे नावही त्याच टिंगलीतलं. पुढे १९०५मध्ये मातीस आणि मंडळींना ‘रानटी श्वापदं’ म्हणणारा आणि १९०८मध्ये ब्राकच्या घरांना ‘ठोकळे’ म्हणणारा समीक्षक एकच, लुई व्होसेल. फॉव्हिझम आणि क्यूबिझम या दोन्ही शैलींचं बारसं त्याच्या हातून झालं, आणि त्याला दोन्ही बाळं पसंत नव्हती.

मोने मात्र निघाला चिवट. गव्हाच्या गंज्या सकाळी, दुपारी, धुक्यात, बर्फात अशा त्याने पुन्हा पुन्हा रंगवल्या. ऊन सरकलं की हातातला कॅनव्हास बाजूला ठेवून दुसरा घ्यायचा, आणि हे ओझं वाहायला सावत्र मुलगी. १८९१ साली त्याने नदीकाठची पॉप्लरची झाडं रंगवायला घेतली. चित्रमालिका अर्ध्यावर आली आणि कळलं, की गावाने झाडांचा लिलाव पुकारलाय. थोडे दिवस थांबा, म्हणाला, गाव थांबेना. मग मोनेने लाकडाच्या व्यापाऱ्याला गाठलं, वरचे पैसे मी घालतो म्हणाला, अट एकच: माझी चित्रं होईपर्यंत कुऱ्हाड चालवायची नाही. आता आत्याच्या प्रश्नाचं उत्तर काय द्यायचं? पैसे चित्रकाराने दिले. तोच गिऱ्हाईक, तोच कारागीर. चित्रं झाली, झाडं पडली.

एकदा गिऱ्हाईकच नाही म्हटल्यावर नाही कोण म्हणणार? पॅरिसमध्ये एक सलोन, म्हणजे चित्रप्रदर्शन, असं होतं, की पैसे भरा आणि चित्र लावा, निवडसमिती नाही. १९१० साली तिथे बोरोनाली नावाच्या कुणा इटालियनाचं ‘एड्रियाटिकवर निद्रिस्त झालेला सूर्य’ लागलं. समीक्षकांनी दखल घेतली. मग दोर्जेलेस या लेखकाने जाहीर केलं, की बोरोनाली म्हणजे मोंमार्त्रमधल्या एका खानावळीच्या मालकाचं लोलो नावाचं गाढव. त्याच्या शेपटीला ब्रश बांधला, मागे कॅनव्हास धरला आणि पुढून गाजरं दिली. गाढव खूश झालं की शेपटी हलायची. पुराव्यासाठी कोर्टाचा बेलीफ हजर ठेवलेला होता. ते चित्र ४०० फ्रँकला विकलं गेलं. वीस वर्षं आधी व्हॅन गॉगची लाल द्राक्षबाग ब्रसेल्सला विकली गेली तीही ४०० फ्रँकलाच. बाजाराला भाव कळत नाही असं कोण म्हणतो? त्याला एकच भाव माहीत होता, तो त्याने दोघांनाही दिला.

आणि वर कोणतं, खाली कोणतं, हे तरी कोण सांगणार? न्यूयॉर्कच्या आधुनिक कलेच्या संग्रहालयात १९६१ साली मातीसचं होडीचं चित्र ४७ दिवस उलटं टांगलेलं होतं. लाखभर लोक बघून गेले; चूक काढली ती शेअरबाजारात काम करणाऱ्या एका बाईने. मोंद्रियानचं रंगीत पट्ट्यांचं एक चित्र तर जर्मनीत १९८०पासून उलटं आहे, हे २०२२मध्ये तिथल्या क्युरेटरच्याच लक्षात आलं. मग सरळ केलं का? नाही. पट्ट्या चिकटपट्टीच्या, इतक्या वर्षांनी फिरवलं तर वजन दुसरीकडे पडून सुटायच्या. तेव्हा तेच सुलटं, असं आता सगळ्यांनी समजायचं. व्हेरोनेझेला हा निकाल पसंत पडला असता.

आपल्याकडे हे नाटक वेगळ्या क्रमाने झालं. राजा रविवर्म्याने १८९४मध्ये मुंबईत छापखाना काढला आणि लक्ष्मी-सरस्वती घरोघरी पोचल्या. इथलं गिऱ्हाईक पोपहून खमकं. त्याने चित्र विकत घेतलं, घरी नेलं, आणि देवीच्या छापील साडीवर खरी जर शिवली, टिकल्या चिकटवल्या, मग काचेत बसवलं. चित्रकाराचं काम जिथे संपतं तिथून आपलं सुरू, अशी ती समजूत. जे.जे. कलाशाळेत तेव्हा मुलं ग्रीक देवांचे प्लास्टरचे पुतळे मन लावून उतरवत होती. त्याच जे.जे.तून १९४८ साली वासुदेव गायतोंडे बाहेर पडले, आणि पुढे त्यांनी माणूस, झाड, घर, देव सगळंच चित्रातून काढून टाकलं. उरला रंग. वर्षाला मोजकीच चित्रं करायचे. ब्रशाऐवजी रोलर आणि पट्टी. रंग लावायचा, खरवडायचा, पुन्हा लावायचा. २०२१च्या मार्चमध्ये त्यांचं १९६१ सालचं एक चित्र लिलावात जवळजवळ ४० कोटींना गेलं.

ती बातमी चित्रासकट पेपरात आली होती. पेपरची रद्दी झाली, आणि आमच्याकडे रंगकाम निघालं तेव्हा तोच कागद नेमका शिडीखाली अंथरला गेला. रंगारी हात पुसत खाली उतरला, उकिडवा बसला आणि बघू लागला.

“रोलरचं काम आहे,” तो म्हणाला.

मी म्हटलं, हो, रोलर आणि पट्टी.

“हात किती दिलेत?”

बरेच दिले असावेत, मधूनमधून खरवडलंयही, मी सांगितलं. त्याने मान हलवली. खरवडकाम जिकिरीचं असतं, त्याचे वेगळे पडतात, हे त्याने मला कालच ऐकवलं होतं. मग त्याने आकडा विचारला. मी सांगितला. चाळीस कोटी.

तो थोडा वेळ हिशेब करत राहिला आणि म्हणाला, “मटेरियल धरून?”